फ्लॉपीची बारी

लोक मला इंजिनिअर म्हणायचे. मी इंजिनिअर नाही. आयटीआयला रेडिओ-टीव्हीचा कोर्स केला, बीडला स्टँडच्या मागं दुकान टाकलं, आणि रेडिओ बिघडायच्या आधी रेडिओ ऐकणारेच संपले तेव्हा कॉम्प्युटरकडं वळलो. त्या दिवसांत जिल्ह्यात कॉम्प्युटर नवा होता आणि तो दुरुस्त करणारा त्याहून नवा. स्क्रू ड्रायव्हर सरळ धरता येतो तो इंजिनिअर, अशी एकंदर व्याख्या होती. सुरुवातीला मी लोकांना दुरुस्त करत असे, की बाबांनो, मी इंजिनिअर नाही. मग लक्षात आलं की असं म्हटलं की चहा येत नाही. तेव्हापासून गप्प बसलो.

माझं निम्मं आयुष्य मराठी एडिटर चालू करून देण्यात गेलं. एडिटर म्हणजे मजकूर टाइप करायचा, नीट मांडायचा प्रोग्राम. लग्नपत्रिका, कोर्टाचे अर्ज, साप्ताहिकं, दहाव्याची कार्डं, सगळं त्यातूनच निघायचं. तो बंद पडला की गावातली लग्नं अडायची आणि मेलेली माणसंसुद्धा ताटकळायची. आणि गंमत म्हणजे तो स्वतः क्वचितच बिघडे. बिघडायच्या त्या डीएलएल नावाच्या फायली.

हे डीएलएल प्रकरण मला जन्मभर समजावून सांगावं लागलं आहे, तेव्हा इथंही सांगतो. कुठलाही प्रोग्राम सगळी कामं स्वतः करत नाही. पडद्यावर खिडकी उघडणं, अक्षर उमटवणं, प्रिंटरला हुकूम देणं ही कामं सगळ्यांनाच लागतात. म्हणून ती एका सामाईक फायलीत लिहून सिस्टीम फोल्डरमध्ये ठेवतात आणि ज्याला लागेल तो प्रोग्राम तिथून वापरतो. आमच्याकडं मठात गावची भांडी असतात ना, तसंच. गावजेवणाचं पातेलं कुणी स्वतःच्या घरात घेऊन ठेवत नाही. लग्न निघालं की मठातून न्यायचं, घासूनपुसून परत आणून ठेवायचं. आता एखाद्यानं पातेलं परत आणलंच नाही, तर पुढच्याचं लग्न अडतं. किंवा जुनं नेऊन तसंच दिसणारं नवं आणून ठेवलं, तर झाकण बसत नाही. डीएलएलचे आजार हे दोनच. एक तर फाईल जागेवर नाही, नाहीतर नाव तेच पण आतला माल निराळा. बाकी सगळा माझा धंदा म्हणजे याच दोन गोष्टी गंभीर चेहऱ्यानं सांगणं.

चौसाळ्याला एक झेरॉक्सवाले होते. त्यांचा एडिटर बंद पडला म्हणून गेलो तर सिस्टीम फोल्डर झाडून पुसून लख्ख. एकही डीएलएल नाही. विचारलं, तर म्हणाले, डबल क्लिक करून पाहिलं, एकबी उघडंना, म्हणलं खराब झाल्यात, टाकून दिल्या. मी म्हटलं, मठातल्या पातेल्यातून चहा पिता येत नाही म्हणून तीही भंगारात घालणार का? त्यावर ते शांतपणे म्हणाले की हे तुमी आधी सांगायला पायजे होतं. माझं डोकं असं तापलं की मी त्यांचा चहा दोनदा घेतला.

पण डीएलएलचा खरा खटला उभा राहिला तो माजलगावला. मोंढ्याजवळ, म्हणजे धान्याच्या बाजाराजवळ, दोन भावांचा छापखाना होता. थोरले विश्वनाथप्पा, धाकटे काशिनाथप्पा. दोघं कपाळाला भस्म लावून सकाळी एकाच सायकलवरून येणारी माणसं. मग बिनसलं. कशावरून, ते दोघांनाही धड सांगता येत नसे. छापखान्यात पंखा एकच, आणि तो कुणाच्या टेबलाच्या डोक्यावर असावा इथून सुरुवात झाली म्हणतात. पंख्यावरून बोलणं वाढलं, बोलण्यावरून अबोला आणि अबोल्यावरून वाटणी. मशिनं वाटली ती अशी, की छापायचं मशीन थोरल्याकडं आणि कागद कापायचं धाकट्याकडं. म्हणजे एकाला छापता यायचं पण कापता यायचं नाही, आणि दुसरा कापायला बसला होता पण कापायला काही नव्हतं. दोघंही खूश होते, कारण समोरच्याचं अडलं होतं.

कॉम्प्युटर एकच होता. त्याचे दोन तुकडे होईनात, म्हणून दुपारी बारापर्यंत थोरल्याचा, बारानंतर धाकट्याचा असं ठरलं. आतल्या मालाचीही वाटणी झाली. पत्रिका करायचा एडिटर थोरल्याला. कुंडल्या जुळवायचा प्रोग्राम धाकट्याला. इथपर्यंत ठीक. पण एक डीएलएल दोन्ही प्रोग्राम वापरत होते. ती मूळ आणली एडिटरनं. पुढं कुंडलीच्या प्रोग्रामनं तीच फाईल नव्या रूपात आणून जुनीच्या डोक्यावर बसवली. नंतर एडिटरही सुधारून आला आणि त्या नव्या फायलीवर विसंबून राहायला लागला. म्हणजे थोरला म्हणत होता फाईल माझ्या प्रोग्रामची, तेही खरं, आणि धाकटा म्हणत होता माझ्या प्रोग्रामची, तेही खरं. असं दोघांचंही खरं असलं की भांडण मिटत नसतं.

मला फोन आला तो विश्वनाथप्पांच्या मुलीचा, सुनंदाचा. एसटीडी बूथवरून बोलत होती. छापखान्यातला कॉम्प्युटर तीच चालवायची, आणि सांगतो, सबंध जिल्ह्यात मराठी टायपिंगला तिच्यासारखा हात मी पाहिला नाही. मला म्हणाली, "भाऊ, काकानं फाईल खिशात घालून नेली."

मी तिला दोनदा विचारलं. खरंच तसं होतं. काशिनाथप्पांनी ती डीएलएल कॉम्प्युटरातून उचलून, मागं काही न ठेवता, फ्लॉपीवर घेतली आणि फ्लॉपी बंडीच्या आतल्या खिशात घातली. तरुण वाचकांसाठी सांगतो, फ्लॉपी म्हणजे पापडाएवढी चौकोनी चकती, तिच्यावर फायली ठेवत. आता एडिटर बंद. धाकट्याचा कुंडलीचा प्रोग्रामही अर्थातच बंद, पण त्याचं त्याला काही नव्हतं. दादाचं बंद पडलं ना, मग बास.

माजलगावला पोचलो तेव्हा सुनंदा पंख्याखाली बसली होती आणि पंखा बंद होता, कारण तो वादात होता. पडद्यावर संदेश, फाईल सापडत नाही. माझ्या फ्लॉप्यांच्या डब्यात त्याच नावाची फाईल होती, ती घालून पाहिली. झाकण बसेना. माझी जुनी निघाली, ह्या एडिटरला नवीच पाहिजे होती. मूळ फ्लॉप्यांचा संच काढला तर नेमकी हवी ती फ्लॉपी बुरशीनं खाल्लेली. म्हणजे आख्ख्या माजलगावात ती फाईल एकाच ठिकाणी होती, काशिनाथप्पांच्या छातीवर.

मग सुनंदानं खरं सांगितलं. अडलेली पत्रिका तिच्या स्वतःच्या लग्नाची होती. लग्न तोंडावर आलं होतं. ती म्हणाली, पत्रिका काय, बीडहूनसुद्धा छापून आणता येईल. पण विश्वनाथप्पांनी जो मजकूर दिला त्यात खाली काकाचं नाव नव्हतं. शाळेत जायच्या आधी तिला अक्षरं ओळखायला शिकवली ती काकानं, छापायच्या अक्षरांच्या खिळ्यांच्या पेटीतून एकेक खिळा हातात देऊन. "काकाचं नाव न्हाई तर काका मांडवात येणार न्हाई," ती म्हणाली, "आन काका न्हाई तर मला ते लग्न कुणाचंतरी दुसऱ्याचंच वाटंल." एवढं बोलून ती की-बोर्ड पुसायला लागली.

मी उठलो आणि काशिनाथप्पांकडं गेलो. ते कापायच्या मशीनशेजारी कोरे कागद कापत बसले होते, सवय मोडू नये म्हणून. मी म्हटलं, अप्पा, फ्लॉपी पाच मिनिटं द्या, नक्कल काढून घेतो, तुमची तुमच्याकडंच राहील.

"मग दादाकडं काय जाईल?"

"पूर्ण फाईल."

"आन माझ्याकडं?"

"पूर्ण फाईल."

त्यांनी हातातला कागद खाली ठेवला. "मग ही वाटणी कशाची झाली, इंजिनिअर?"

आमच्या भागात जमीन वाटली आहे, विहीर वाटली आहे, आंब्याच्या फांद्या वाटल्या आहेत. पण दोघांनाही पूर्ण मिळूनसुद्धा कुणाचंच कमी होत नाही अशी वस्तू वाटणीत कधी आली नव्हती. काशिनाथप्पांना तो सरळसरळ दगाफटका वाटला.

प्रकरण मठात गेलं. स्वामी मधे बसले, दोन्हीकडं पंच आणि पुरावा म्हणून कॉम्प्युटर. तो हातगाड्यावर घालून, गोधडीत गुंडाळून आणला होता. मला जाणकार म्हणून बसवलं. मी पातेल्यांपासून सगळं सांगितलं. ऐकून झाल्यावर मोंढ्यातले एक आडते म्हणाले, फाईल मोजता येती ना, मग मधून कापा, वरची निम्मी थोरल्याला आन खालची धाकट्याला. मी म्हटलं, निम्म्या फायलीनं काही चालत नाही. ते म्हणाले, निम्म्या बैलानंबी चालत न्हाई, पण वाटणी तर होती. दुसऱ्या पंचाला अस्सल कोणती आणि नक्कल कोणती हे माझ्याकडून लिहून पाहिजे होतं. मी सांगितलं की दोन्हीत फरकच नसतो. त्यावर त्यांनी स्वामींकडं असं पाहिलं, जणू हा मनुष्य फितूर आहे.

शेवटी सगळ्यांनी आग्रह धरला की ज्याच्यासाठी एवढं चाललंय ते एकदा दाखवा तरी. काशिनाथप्पांनी खिशातून फ्लॉपी काढून दिली, मी ती घालून फाईल नोटपॅडमध्ये उघडली. काळे चौकोन, उलटीसुलटी चिन्हं, मधेच एखादं इंग्रजी अक्षर, पानंच्या पानं. पंच बघत राहिले. एका म्हाताऱ्या पंचानं हात जोडले, आणि ते पाहून बाकीच्यांनीही जोडले. मलाही जोडावे लागले.

निवाडा स्वामींनी दिला. म्हणाले, भांड्यांचा जो कायदा तोच हिचा. फ्लॉपी मठात राहील. सकाळी थोरल्यानं न्यायची, बारा वाजता धाकट्याला द्यायची, संध्याकाळी धाकट्यानं मठात आणून ठेवायची. नेताना फाईल कॉम्प्युटरात घालायची, काम झालं की पुसायची. मी कळवळून म्हटलं, महाराज, एकदा नक्कल काढून दिली तर हा सगळा खटाटोपच नको. ते म्हणाले, "समद्यांच्या घरी मोठं पातेलं आलं, तर मठाची पायरी कोण चढंल?"

आणि वर एक अट घातली. सामाईक विहिरीवर आमच्याकडं बारी तोंडानं द्यावी लागते. बारी म्हणजे पाळी. ज्याचं पाणी संपलं त्यानं पुढच्याला समोर उभं राहून म्हणायचं, बारी दिली. त्यानं म्हणायचं, बारी घेतली. मुक्यानं पाटाचं दार मोडून पाणी वळवलं तर ती चोरी. स्वामी म्हणाले, फ्लॉपीचीही बारी तशीच द्यायची. दोघा भावांची तोंडं पडली. कित्येक महिन्यांत त्यांनी एकमेकांशी चकार शब्द काढला नव्हता.

फ्लॉपी लाल फडक्यात बांधून मठातल्या सर्वांत मोठ्या पातेल्यात ठेवली. पुजाऱ्यानं तिला भस्म लावलं. मी ओरडलो, अहो, भुकटी आत गेली तर मरेल ती. मग त्यानं फक्त लेबलावर लावायचं कबूल केलं.

आता माझ्या धंद्यातलं एक गुपित सांगतो. प्रोग्रामला डीएलएल लागली की तो आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतो, तिथं नसली तरच सिस्टीम फोल्डरमध्ये जातो. आधी घरचं भांडं, मग मठाचं. फ्लॉपी रोज घालायची, काढायची, पुसायची, तर वर्षभरसुद्धा टिकली नसती. कारागीर माणसाला असलं बघवत नाही. कॉम्प्युटर छापखान्यात परत जोडून फ्लॉपी पहिल्यांदा घातली तेव्हाच मी त्या फायलीची एकेक प्रत एडिटरच्या आणि कुंडलीच्या फोल्डरमध्ये गुपचूप ठेवून दिली. आता मठातली फ्लॉपी आली काय, न आली काय, दोन्ही प्रोग्राम चालणार होते. हे मी फक्त सुनंदाला सांगितलं. ती म्हणाली, "भाऊ, हे अजून कुणाला सांगू नका." मी शब्द दिला.

आठवडा गेला न गेला तोच पुन्हा बोलावणं. फ्लॉपी आत जाईना. ड्राइव्ह उघडली तर आत भस्म. पुजाऱ्याचा लेबलापुरता हात जरा सैल होता. मी ड्राइव्ह साफ करत टेबलाखाली बसलो होतो, म्हणून पुढचं सगळं मी खालून पाहिलं. बारा वाजत आले होते. काशिनाथप्पा बारी घ्यायला दारात येऊन उभे. विश्वनाथप्पा खुर्चीत. सुनंदाची पत्रिका पडद्यावर, मोठी करून. तिला ती झाकता आली असती. तिनं झाकली नाही.

काशिनाथप्पांनी जन्मभर प्रुफं तपासली होती. मजकूर समोर आला की त्यांची मान आपोआप खाली जायची. त्यांनी वाचलं. नावं वाचली, स्वतःचं नाव नाही हेही वाचलं. चेहरा हलला नाही. मग नजर पुन्हा वर गेली आणि थांबली.

"दादा, वार चुकलाय."

विश्वनाथप्पांनी मान वळवली नाही. उठले, भिंतीवरचं कॅलेंडर काढलं, चष्म्याजवळ धरलं. त्या तारखेला सोमवार होता आणि पत्रिकेत रविवार पडला होता. तशीच गेली असती तर निम्मे पाहुणे आदल्या दिवशी येऊन मोकळ्या मांडवात बसले असते. त्यांनी कॅलेंडर परत खिळ्याला अडकवलं. तोंड मात्र त्याच्याकडंच ठेवलं.

"सुनंदे, वार बदल," ते म्हणाले. "आन खाली काशाचं नाव टाक. न्हाईतर जन्मभर म्हणंल, चूक मी काढली आन पत्रिकेत मीच न्हाई."

सुनंदानं नाव टाकलं. तिची बोटं इतकी भराभर चालली, की ते नाव तिथं आधीच टाइप करून लपवून ठेवलं होतं की काय असं मला वाटलं. ती पोरगी वारात चुकेल हे मला आजही पटत नाही. मी कधी विचारलं नाही.

विश्वनाथप्पांनी फ्लॉपी उचलली. "बारी दिली."

"बारी घेतली," काशिनाथप्पा म्हणाले, आणि डोळे पुसत बाहेर गेले. कुंडलीचं काम त्या दिवशी झालंच नाही. पत्रिका थोरल्यानं छापल्या आणि कापायला धाकट्याकडं दिल्या, कारण दुसरा इलाजच नव्हता. लग्नात काका अक्षता टाकत सगळ्यांत पुढं होते. आणि पंखा दोघांच्या टेबलांच्या बरोबर मधे आला, म्हणजे कुणालाच वारा लागेना. मी म्हटलं, चला, मिटलं एकदाचं.

पण फ्लॉपी काही सुटली नाही. सुनंदा सासरी गेली, नवा माणूस आला, कॉम्प्युटर बदलला. नव्या कॉम्प्युटरला फ्लॉपीची फटच नव्हती. तरी मठातून फ्लॉपी यायची, बारा वाजता छापखान्याच्या दारात बारी दिली, बारी घेतली व्हायचं, आणि संध्याकाळी ती पातेल्यात परत. माजलगावला गेलो की मी हे गुपचूप बघायचो आणि मनात म्हणायचो, राहू दे, ह्या माणसांना खरं सांगून काय मिळवायचंय.

पुढं मी दुकान बंद केलं. एक दिवस घरी काशिनाथप्पा आले. थकले होते, काठी टेकत आले. विश्वनाथप्पा गेल्याचं मला कळलं होतं. शेवटचे काही महिने ते खाटेवरच होते. काशिनाथप्पा म्हणाले, सकाळी मठातून फ्लॉपी आणून मीच दादाच्या उशाला ठेवायचो, आणि बाराला मीच घ्यायला जायचो. दादाला बोलता येईना तेव्हा तो बोटानं द्यायचा.

मला राहवलं नाही. म्हटलं, अप्पा, एक गोष्ट इतकी वर्षं पोटात ठेवली. त्या फ्लॉपीची गरज पहिल्या आठवड्यापासूनच नव्हती.

ते हसले. "ठाऊक हाय. एकदा दादा फ्लॉपी घालायची इसरला, तरी चालू झालं. मला बाजूला घेऊन म्हणला, काशा, इंजिनिअरला सांगू नको. इतक्या लांबून येऊन, लई मेहनत करून फ्लॉपीचं समदं बसवलंय त्यानं. त्याला वाईट वाटंल."

त्यांनी पिशवीतून लाल फडकं काढलं. गाठ सोडली. फ्लॉपीवरचं लेबल भस्मानं कधीच पुसून गेलं होतं.

"दादा गेला त्या दिवशी दुपारची बारी माझ्याकडं आली. ती माझ्याकडंच हाय. आता द्यायची कुणाला?"

काशिनाथप्पा काठी भिंतीला लावून उभे राहिले. दोन्ही हातांत फ्लॉपी धरून माझ्यापुढं केली.

"बारी दिली," ते म्हणाले.

मी उठलो. "बारी घेतली."

त्यांनी चपला पायात घातल्या. माझ्या बायकोनं चहा घेऊन जा म्हणून आग्रह केला, तर गाडीची वेळ झाली म्हणाले. दारातून मागं वळून मला म्हणाले, "उद्या बाराला येतो. तयार राहा."

मी म्हटलं, अहो अप्पा, माजलगाव काय इथं आहे का? ते काठी टेकत स्टँडकडं गेले. दुसऱ्या दिवशी मी अकरापासूनच दारात खुर्ची टाकून बसलो.